कसोट्या फक्त 5, पण कोच म्हणून रणजी करंडक 6: चंद्रकांत पंडितांनी विदर्भात येऊन नेमकं काय केलं?

तारीख 29 डिसेंबर 2017. ठिकाण इंदूरचं होळकर स्टेडियम. रणजी करंडकाची फायनल. समोर दिल्ली. त्या संघात गौतम गंभीर, नितीश राणा आणि कर्णधार म्हणून ऋषभ पंत. अलीकडे विदर्भ. 1957-58 पासून रणजी खेळणारा, पण तोवर एकदाही फायनलचं तोंड न पाहिलेला संघ.

त्यात विदर्भाचा हुकमी एक्का आधीच गेलेला. उमेश यादव सेमीफायनल खेळून भारतीय संघाबरोबर दक्षिण आफ्रिकेला निघून गेला होता. फायनलला त्याच्या जागी कोण? अनुभवी, चार मोसम खेळलेला कुणीतरी असेल, असं तुम्हाला वाटेल. विदर्भानं कॅप दिली ती अकोल्याच्या 19 वर्षांच्या आदित्य ठाकरेला. त्याचा हा पहिलाच प्रथम श्रेणी सामना. म्हणजे पोट्ट्याचं पदार्पण थेट रणजीच्या फायनलमध्ये.

अकोल्याहून इंदूरला एकेकाळी मीटरगेजची गाडी जायची. त्या काळात अकोल्याचा कुणी पोरगा तिकडे रणजीची फायनल खेळायला जाईल, असं कुणी म्हटलं असतं तर लोक हसले असते.

चौथ्या दिवशी, 1 जानेवारी 2018 ला, विदर्भानं दिल्लीला 9 गडी राखून हरवलं. साठ वर्षांत पहिल्यांदा रणजी करंडक विदर्भात आला. त्या वेळी ड्रेसिंग रूममध्ये 56 वर्षांचा एक मुंबईकर होता. चंद्रकांत पंडित. विदर्भात येऊन त्यांना तेव्हा एक मोसमही पूर्ण झाला नव्हता.

पुढे 2019 ला पुन्हा विदर्भ जिंकला. 2022 ला मध्य प्रदेश जिंकला, तेव्हाही कोच पंडितच. त्याआधी मुंबईसोबत 2003, 2004 आणि 2016. एकूण सहा रणजी विजेतेपदं, तीन वेगवेगळ्या संघांसोबत. आता गंमत बघा, हाच माणूस खेळाडू म्हणून भारताकडून फक्त 5 कसोट्या खेळलाय. मग हे झालं कसं? आणि ज्या कडक शिस्तीची एवढी चर्चा होते ती खरंच इतकी कामाची आहे का? की ती कुठे चालते आणि कुठे चालत नाही, हाच खरा मुद्दा आहे?

आधी खेळाडू पंडित

जन्म 30 सप्टेंबर 1961, मुंबईचा. शिवाजी पार्कात रमाकांत आचरेकर सरांच्या हाताखाली तयार झालेला विकेटकीपर-बॅट्समन. मुंबई क्रिकेटमध्ये एक शब्द फार अभिमानानं वापरतात, खडूस. म्हणजे विकेट फेकायची नाही, समोरच्याला फुकट काही द्यायचं नाही, मॅच हातातून गेली तरी शेवटपर्यंत चिवटपणा सोडायचा नाही. पंडित त्या शाळेतले अस्सल विद्यार्थी.

1986 च्या एप्रिलमध्ये शारजात त्यांना वनडेत पहिली संधी मिळाली. जावेद मियाँदादनं चेतन शर्माला शेवटच्या बॉलवर मारलेला सिक्स आठवतो ना? नसेल आठवत तर घरातल्या मोठ्यांना विचारा, अजूनही तोंड कडू करतील. त्या मॅचमध्ये स्टंपमागे पंडितच होते. दोन महिन्यांनी इंग्लंडमध्ये लीड्सला कसोटी पदार्पण झालं, तेही निव्वळ फलंदाज म्हणून, कारण ग्लोव्ह्ज किरण मोरेंकडे होते. भारतानं ती कसोटी जिंकली, मालिकाही जिंकली.

आणि इथेच त्यांच्या कारकिर्दीची गोम आहे. किरण मोरे त्याच काळात होते, आणि कीपर संघात एकच लागतो. पंडित कधी जखमी खेळाडूच्या जागी आले, कधी फलंदाज म्हणून आले. 1987 च्या वर्ल्डकपमध्ये वानखेडेवरच्या सेमीफायनलला दिलीप वेंगसरकर पोट बिघडल्यानं खेळू शकले नाहीत, तर पंडित खेळले आणि 24 धावा केल्या. भारत हरला. 1992 ला ॲडलेडला शेवटची कसोटी. हिशेब संपला तो 5 कसोट्या आणि 36 वनडेंवर. पण देशांतर्गत क्रिकेटमध्ये याच माणसाच्या नावावर 8 हजारांहून जास्त धावा आहेत, 22 शतकं आहेत आणि सरासरी 48 च्या वर आहे. आजच्या भाषेत सांगायचं तर इतके आकडे असून दार अर्धंच उघडलेलं.

असा खेळाडू बाकावर बसून फार काही बघतो. कोण संघात का आला, कोण का गेला, कुणाला वेळेवर सांगितलं आणि कुणाला पेपरात वाचून कळलं. त्यात विकेटकीपर. मैदानावर सगळ्या खेळाडूंकडे तोंड करून उभा राहणारा तो एकटाच. बोलर दमलाय का, स्लिप आळसावलीय का, फलंदाजाचा पाय कुठे अडकतोय, हे सगळं आधी त्याला दिसतं. कीपर चांगले कोच होतातच असा काही नियम नाही, पण पंडितांच्या बाबतीत या दोन्ही गोष्टींचा उपयोग झाला असं मला वाटतं.

कारकिर्दीच्या शेवटी ते मध्य प्रदेशकडून खेळले. एप्रिल 1999 मध्ये बंगळुरूच्या चिन्नास्वामी स्टेडियमवर रणजीची फायनल, मध्य प्रदेश विरुद्ध कर्नाटक, आणि कर्णधार पंडित. मध्य प्रदेशनं पहिल्या डावात 75 धावांची आघाडी घेतली.

इथे जरा थांबून रणजीचा एक नियम समजून घेऊ, कारण पुढे तो पुन्हा येणार आहे. रणजीची मॅच अनिर्णित राहिली तर पहिल्या डावात ज्याची आघाडी त्याची सरशी. म्हणजे मध्य प्रदेशनं शेवटच्या दिवशी फक्त तग धरला असता तरी करंडक त्यांचा होता. पण विजय भारद्वाजच्या ऑफस्पिनसमोर डाव कोसळला. मध्य प्रदेश 96 धावांनी हरला. हातात आलेला करंडक निसटला. ही सल पंडितांच्या मनातून पुढची 23 वर्षं गेली नाही. हे त्यांनी स्वतः अनेकदा सांगितलंय.

क्रिकेटमध्ये कोच करतो तरी काय?

फुटबॉल किंवा रग्बीत कोच हाच संघाचा चेहरा असतो. मॅच चालू असताना तो खेळाडू बदलतो, डाव बदलतो. कबड्डीत टाइमआऊट घेऊन पोरांना झापता येतं. क्रिकेटमध्ये मात्र टॉस झाला की मैदान कर्णधाराचं. बोलिंग कुणाला द्यायची, फिल्डिंग कशी लावायची, डाव कधी घोषित करायचा, हे सगळं तिथं उभा असलेला माणूस ठरवतो. म्हणून क्रिकेटच्या कोचचं बरंचसं काम मॅचच्या आधी संपलेलं असतं. सराव कसा झाला, कुणाला कोणती भूमिका दिली, संघात कोण हवा हे निवड समितीला कसं पटवलं, पीच बघून काय ताडलं. मॅच सुरू झाल्यावर तुम्हाला जो दिसतो तो या सगळ्याचा निकाल असतो.

रणजीच्या संघाचा कोच तर वर्षभराचा सोबती. मोसम सुरू व्हायच्या आधी महिनोन् महिने कॅम्प, मग एका शहरातून दुसऱ्या शहरात प्रवास, थंडीत सकाळी लवकर उठणं, ओली खेळपट्टी, रिकामी स्टेडियम. टीव्हीवर नसलेल्या मॅचेसमध्ये पोरांना चार दिवस जागं ठेवणं हे वाटतं तितकं सोपं नाही.

आमच्या वऱ्हाडाला ही कल्पना नवी नाही खरं तर. अमरावतीत श्री हनुमान व्यायाम प्रसारक मंडळ 1914 पासून आहे. 1936 च्या बर्लिन ऑलिंपिकच्या वेळी मंडळाचा चमू भारतीय खेळांची प्रात्यक्षिकं दाखवायला जर्मनीला गेला होता. आखाड्यात वस्ताद असतो आणि तो पहाटे पाचला बोलावतो म्हणजे पाचलाच बोलावतो, हे इथल्या कुठल्याही घरात सांगावं लागत नाही. पण क्रिकेटमध्ये आपला पोरगा वरपर्यंत जाईल, हे मात्र फार कमी घरांना वाटायचं. अकोल्यापासून नागपूर अडीचशे किलोमीटर, अमरावतीपासून दीडशे. निवड चाचणीसाठी नागपूर गाठायचं, आणि तिथं जाऊन पुन्हा ‘रणजीत विदर्भ काय, बाद फेरीपर्यंतही जात नाही’ हे ऐकायचं.

2017: मुंबईनं सोडलं, विदर्भानं धरलं

2016 ला पंडितांच्या मुंबईनं पुण्यात सौराष्ट्रला डावानं हरवून करंडक जिंकला. पुढच्या वर्षी इंदूरला फायनलमध्ये मुंबई गुजरातकडून हरली. मग मुंबईनं कोच बदलला आणि समीर दिघेंना आणलं. सलग दोन फायनल गाठून दिलेला कोच मोकळा झाला, आणि विदर्भ क्रिकेट असोसिएशननं त्यांना बोलावून घेतलं. मुंबईच्या या निर्णयावर तेव्हा फार कुणी बोललं नाही. सहा महिन्यांनी बोलले.

आता एक गोष्ट प्रामाणिकपणे सांगायला हवी. सोशल मीडियावर ही कहाणी अशी फिरते की एक कडक मास्तर आला, त्यानं छडी उगारली आणि मेलेला संघ उठून उभा राहिला. हे खरं नाही. जमीन आधीच नांगरलेली होती. भारताकडून खेळलेले नागपूरचे माजी वेगवान गोलंदाज प्रशांत वैद्य यांच्या पुढाकारानं विदर्भात निवासी अकादमी उभी राहिली होती, वयोगटातले संघ पद्धतशीर तयार होत होते. बोलिंगसाठी सुब्रतो बॅनर्जींसारखा माणूस होता. वासिम जाफर 2015 पासूनच मुंबई सोडून विदर्भाकडे आला होता, कर्नाटकचा गणेश सतीश होता. कर्णधार फैज फजल तर कितीतरी वर्षं विदर्भाची सलामी सांभाळत होता. भारताकडून एकच वनडे खेळलेला आणि त्यात नाबाद 55 करूनही पुन्हा न बोलावलेला फैज. अर्धं दार उघडणं म्हणजे काय हे त्यालाही ठाऊक होतं.

कमी होती ती जिंकायची सवय. साधारण संघाला हरणं परवडतं. चांगले खेळलो, लढत दिली, घरी गेलो. पंडितांनी नेमकं याच्यावर बोट ठेवलं. वेळ म्हणजे वेळ. सराव म्हणजे मॅच. सीनियर-ज्युनियर भेद नाही, जाफरला जो नियम तोच पहिल्यांदा बॅग घेऊन आलेल्या पोराला. 19 वर्षांच्या पोराला फायनलमध्ये उतरवायचा निर्णय अशाच वातावरणात होऊ शकतो, कारण तिथं ‘याला अनुभव नाही’ हे कारण चालत नाही. सरावात काय दिसलं तेवढंच चालतं.

5 धावांची ती सकाळ

विदर्भानं गटात अव्वल स्थान मिळवलं. क्वार्टरफायनलला सुरतमध्ये केरळला 412 धावांनी धुतलं. केरळचे कोच होते डेव्ह व्हॉटमोर, म्हणजे 1996 ला श्रीलंकेला वर्ल्डकप जिंकून देणारे.

पण संघ खरा घडला तो कोलकात्याच्या ईडन गार्डन्सवर. सेमीफायनल, समोर कर्नाटक. विदर्भ पहिल्या डावात 185 वर गार. कर्नाटकच्या 301, त्यात करुण नायरच्या 153. वर सांगितलेला नियम आठवा. मॅच अनिर्णित राहिली तर कर्नाटक फायनलला. म्हणजे विदर्भाला जिंकण्यावाचून पर्यायच नाही. दुसऱ्या डावात 313 करून विदर्भानं कर्नाटकला 198 चं लक्ष्य दिलं.

चौथ्या दिवसअखेर कर्नाटकचे सात गडी बाद झाले होते. शेवटच्या सकाळी मात्र तळाच्या फलंदाजांनी विदर्भाच्या तोंडचं पाणी पळवलं. धावा कमी होत चालल्या, आणि विकेट पडेना. शेवटी कर्नाटक 192 वर सर्वबाद झाला. विदर्भ 5 धावांनी जिंकला. रजनीश गुरबानीनं दुसऱ्या डावात 7 आणि मॅचमध्ये 12 बळी घेतले.

गुरबानी सिव्हिल इंजिनीअर. आपल्याकडे ‘आधी डिग्री घे, मग काय खेळायचं ते खेळ’ असं सांगितलं जातं ना, तर हा त्यातलाच. फायनलला त्यानं दिल्लीच्या पहिल्या डावात हॅट्ट्रिक घेतली. विकास मिश्रा, नवदीप सैनी आणि 145 धावा करून खेळत असलेला ध्रुव शोरे. रणजी फायनलच्या इतिहासातली ही फक्त दुसरी हॅट्ट्रिक, पहिली 1972-73 मधली, तमिळनाडूच्या कल्याणसुंदरमची. गुरबानीचे त्या मोसमातले बळी 39. कर्णधार फैजच्या धावा 912.

फलंदाजीत फायनल फिरवली ती अक्षय वाडकरनं. त्याच मोसमात पदार्पण केलेला विकेटकीपर, आणि पहिलंवहिलं शतक थेट फायनलमध्ये, 133. विदर्भ 547. दिल्लीला दुसऱ्या डावात 280 वर गुंडाळलं आणि 29 धावांचं लक्ष्य एक गडी गमावून पार केलं. आदित्य ठाकरेचं पुढे काय झालं? तो घरी येऊन सत्कार घेत बसलाच नाही. त्याच जानेवारीत न्यूझीलंडला 19 वर्षांखालच्या वर्ल्डकपमध्ये ईशान पोरेलला दुखापत झाली, आणि बदली म्हणून अकोल्याच्या या पोट्ट्याला बोलावणं आलं.

योगायोगानं एकदा जिंकता येतं असं म्हणणारे होतेच. पुढच्या वर्षी त्यांचीही सोय झाली. वायनाडला सेमीफायनलमध्ये उमेश यादवनं केरळचे एका डावात 7 गडी घेतले आणि मॅच दोन दिवसांत संपली. नागपूरला जामठ्याच्या मैदानावर फायनलला सौराष्ट्र आलं, चेतेश्वर पुजारासकट. पहिल्या डावातली विदर्भाची आघाडी किती? फक्त 5 धावांची. डावखुऱ्या आदित्य सरवटेनं पुजाराला दोन्ही डावांत बाद केलं, एकदा 1 वर, एकदा शून्यावर, आणि मॅचमध्ये 11 बळी घेतले. विदर्भ 78 धावांनी जिंकला. त्यानंतर इराणी करंडकही सलग दुसऱ्यांदा जिंकला आणि त्याचं बक्षीस पुलवामात शहीद झालेल्या जवानांच्या कुटुंबांना दिलं. अकोल्याचा अथर्व तायडे याच मोसमात रणजीत आला. अमरावतीचा जितेश शर्मा आधीपासून विदर्भाकडून खेळत होता, तो पुढे 2023 ला भारतीय टी-20 संघात पोचला.

चिन्नास्वामीवर 23 वर्षांनी

2020 मध्ये पंडितांनी विदर्भ सोडला आणि मध्य प्रदेशची जबाबदारी घेतली. कोविडमुळे मोसम विस्कटला. तरी त्यांचे कॅम्प चालू. कर्णधार आदित्य श्रीवास्तवचं लग्न ठरलं तेव्हा त्याला सुट्टी मिळाली दोन दिवसांची. हा किस्सा करंडक जिंकल्यानंतर खूप गाजला, लोकांनी हसत हसत शेअर केला. मला त्यात त्याच्या बायकोची बाजू कुणी विचारली नाही हे जरा खटकलंच. जिंकल्यावर कडकपणाचे किस्से गोड वाटतात. हेच 2022 ला हरले असते तर?

हरले नाहीत. जून 2022, फायनल पुन्हा बंगळुरूच्या चिन्नास्वामीवर, आणि समोर चक्क मुंबई. मुंबईनं 374 केल्या. मध्य प्रदेशकडून यश दुबे 133, रजत पाटीदार 122 आणि शुभम शर्मा 116, एकूण 536. वर सांगितलेला नियम या वेळी त्यांच्या बाजूनं. पण 1999 चा धडा हाच होता की आघाडीवर टेकून बसायचं नाही. मुंबईला 269 वर गुंडाळून मध्य प्रदेशनं 6 गडी राखून सरळ मॅच जिंकली. खेळाडूंनी पंडितांना खांद्यावर उचललं. त्यांच्या डोळ्यांत पाणी होतं. जिथं कर्णधार म्हणून करंडक गमावला, त्याच मैदानावर, त्याच राज्याला तो कोच म्हणून मिळवून दिला.

आणि मग आयपीएल

ऑगस्ट 2022 मध्ये कोलकाता नाईट रायडर्सनं त्यांना हेड कोच नेमलं. आधीचे कोच ब्रेंडन मॅक्युलम, म्हणजे स्वभावानं अगदी दुसरं टोक. 2023 ला केकेआर सातव्या स्थानावर राहिला. 2024 ला गौतम गंभीर मेंटॉर म्हणून आला आणि केकेआरनं आयपीएल जिंकलं. (हो, तोच गंभीर, जो इंदूरच्या फायनलमध्ये दिल्लीकडून खेळत होता.) तेव्हा बहुतेक श्रेय गंभीरच्या पदरात पडलं. 2025 ला गंभीर नव्हता, केकेआर आठव्या स्थानावर घसरला आणि जुलैमध्ये पंडित आणि केकेआर वेगळे झाले.

मधल्या काळात नामिबियाचा डेव्हिड वीसा एका पॉडकास्टमध्ये मोकळेपणानं बोलला. तो केकेआरमध्ये पंडितांच्या हाताखाली होता. त्याचं म्हणणं असं की पंडित फौजी खाक्याचे कोच आहेत, आणि जगभरच्या लीग खेळून आलेल्या परदेशी खेळाडूंना कधी झोपायचं, काय घालायचं हे सांगितलेलं रुचत नाही. ड्रेसिंग रूममध्ये त्यामुळे नाराजी होती.

यावर आपल्याकडे लगेच दोन तट पडले. एक म्हणतो, गोऱ्यांना शिस्त नको असते. दुसरा म्हणतो, पंडितांचं जुनाट झालं. मला दोन्ही उथळ वाटतात. एक साधा हिशेब करून बघा. रणजीचा पोरगा कोचसोबत वर्षातले सात-आठ महिने असतो. त्याला अजून नाव कमवायचंय, नोकरी पक्की करायचीय, घरी सांगायचंय की हे फुकट नाही चाललेलं. त्याला कुणीतरी आपल्यावर एवढी मेहनत घेतंय याचंच अप्रूप असतं. तो बोलणी खातो, कारण बोलणी घालणारा माणूस संध्याकाळी पुन्हा नेटमध्ये त्याच्यासोबत उभा असतो. आयपीएलचा परदेशी खेळाडू येतो दोन महिन्यांसाठी. त्याची सवय, त्याचं तंत्र, त्याचा ट्रेनर, सगळं ठरलेलं. त्याला कोचकडून घडवून घ्यायचं नसतं, आपली भूमिका काय तेवढं स्पष्ट कळायला हवं असतं. तिथं पंडितांचं हत्यारच बोथट होतं. तेच हत्यार, तोच माणूस. फक्त समोर घडायला तयार असलेला पोरगा नाही.

आणि रणजीतही ही पद्धत सगळ्यांना सोसत असेल असं समजू नका. जे टिकले त्यांचे किस्से आपण ऐकतो. जे पोरगं धाकानं आक्रसून गेलं, ते मुलाखत द्यायला येत नाही. वऱ्हाडातल्या अकादम्यांमध्ये हल्ली ‘पंडित सरांसारखी शिस्त’ असं म्हणत बारा-तेरा वर्षांच्या पोरांवर ओरडणारे कोच दिसतात, तेव्हा हे जास्त जाणवतं. पंडितांसमोर उभे होते ते कमावते, मोठे खेळाडू. बारा वर्षांच्या पोराला आधी खेळ आवडू द्या ना बाप्पा.

पंडित गेल्यावर काय उरलं?

कोच गेल्यावर संघ कोसळला तर समजायचं की तो नुसत्या धाकावर उभा होता. विदर्भ कोसळला नाही. 2024 ला विदर्भ पुन्हा फायनलला गेला, वानखेडेवर मुंबईकडून हरला. 2025 ला नागपूरला पुन्हा फायनल, समोर केरळ. या वेळी कोच बाहेरून आणलेला नव्हता. उस्मान गनी, विदर्भाकडूनच खेळलेले. कर्णधार होता अक्षय वाडकर, तोच कीपर ज्यानं पंडितांच्या पहिल्या मोसमात पदार्पण केलं होतं.

संघयादी वाचताना मजा येते. 2017 च्या सेमीफायनलला विदर्भाविरुद्ध 153 करणारा करुण नायर आता विदर्भाकडून खेळत होता, आणि त्यानं फायनलच्या दुसऱ्या डावात 135 केल्या. 2018 च्या फायनलला विदर्भाविरुद्ध 145 करणारा ध्रुव शोरेही आता विदर्भाचाच. पहिल्या डावात 153 मारणारा दानिश मालेवार मात्र आपल्याच अकादमीत वाढलेला, आणि मोसमात विक्रमी 69 बळी घेणारा हर्ष दुबेसुद्धा. विदर्भाच्या 379 ला केरळनं 342 चं उत्तर दिलं. मॅच अनिर्णित राहिली आणि पहिल्या डावातल्या 37 धावांच्या आघाडीवर, 2 मार्च 2025 ला, तिसरा रणजी करंडक विदर्भाचा झाला.

केरळसाठी त्या डावात सगळ्यात जास्त वेळ अडून बसलेल्यांपैकी एकानं 79 धावा केल्या. तो होता आदित्य सरवटे, 2019 च्या फायनलचा हिरो. मोसमाआधीच तो विदर्भ सोडून केरळला गेला होता. ज्या जामठ्यावर त्यानं पुजाराला दोनदा बाद करून विदर्भाला करंडक मिळवून दिला होता, त्याच मैदानावर तो आता विदर्भाला करंडकापासून रोखायला उभा होता.